बदलीचा अर्ज केला म्हणजे मूळ केस थांबत नाही

दूरच्या कोर्टात टाकलेली घटस्फोटासारखी केस आपल्या जवळच्या कोर्टात हलवून घेण्यासाठी बदलीचा अर्ज करतात. केस दुसऱ्या राज्यात असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 25 खाली थेट सुप्रीम कोर्टात जावं लागतं आणि राज्यातल्या राज्यात असेल तर कलम 24 खाली हायकोर्टात, हे बरोबर आहे. पण "अर्ज टाकून निवांत राहा, तिकडच्या तारखांना जायची गरज नाही" असा सल्ला काही जण देतात, तो मला अजिबात पटत नाही. बदलीचा अर्ज दाखल झाला म्हणून मूळ केस आपोआप थांबत नाही. त्यासाठी स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती मिळेपर्यंत तिथली प्रत्येक तारीख जिवंतच असते.

माझ्या मावसबहिणीचं नेमकं इथेच चुकलं. नवऱ्याने परराज्यात घटस्फोटाची केस टाकली, हिच्या कडेवर दीड वर्षाचं मूल. वकिलाने बदलीचा अर्ज केला, स्थगिती मागायची मात्र राहून गेली. दोन तारखा चुकल्या आणि रोजनाम्यावर (कोर्टाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीत) नोंद झाली : "जाबदेणार पुकारूनही गैरहजर". जाबदेणार म्हणजे जिच्यावर केस केली ती, म्हणजे माझी बहीण. पुढे एकतर्फी हुकूम, म्हणजे तिची बाजू न ऐकताच निकाल. तो रद्द करून घेण्यासाठी तिला तान्ह्या मुलाला घेऊन रात्रभराचा प्रवास करून तिथेच जावं लागलं. जो प्रवास टाळायचा म्हणून सगळी धडपड, तोच नशिबी आला.

म्हणून पहिल्याच दिवशी स्थगितीचा अर्ज सोबत जोडा. बदलीच्या अर्जावर नोटीस निघाली की त्या अर्जाची प्रत आणि हजेरी माफीचा अर्ज मूळ केस जिथे चालू आहे तिथल्या कुटुंब न्यायालयात स्थानिक वकिलामार्फत दाखल करा. एका तारखेपुरता वकील लावावा लागला तरी लावा.