बी विंग नॉनव्हेज मंडळ: शनिवारचं पोर्क

६०३: शनिवारी टेरेसवर शेगडी लावतोय, पोर्क आहे, गोड-खारट ग्लेझवालं, म्हणजे वरून चकचकीत लेप लावलेलं. कोण कोण येणार ते आत्ताच सांगा, दोन किलो आणायचं की तीन ते ठरवायचंय

१०४: मी आणि ही. पण दादा गेल्या थर्टी फर्स्टसारखं नको हां

२०१: कुकरला तीन शिट्ट्या 😂😂

७०२: काय झालं होतं? आम्ही तेव्हा इथे नव्हतो

६०३: सांगतो, तुम्हाला नाहीतरी हे लोक सांगतीलच. रात्रभर मध आणि सोया सॉसमध्ये मुरवलं होतं, ते तसंच निथळतं उचलून थेट पेटत्या कोळशावर टाकलं, पाच मिनिटांत बाहेरून डांबर, मला वाटलं झालं, कापलं तर आत कच्चं, सगळे ताटं घेऊन बसलेले आणि मी लिफ्टची वाट न बघता पातेलं घेऊन खाली, कुकर लावला. शिजलं पण चव करपलेल्या दुधासारखी

३०२ काकू: मध आधी लावलास ना रे. गोड नेहमी शेवटी

६०३: हो काकू, तेच कळलं नंतर. मधातला फ्रुक्टोज ११० डिग्रीच्या आसपासच तपकिरी व्हायला लागतो, साधी साखर १६० च्या आसपास, आणि निखाऱ्यावरची जाळी त्याच्या कितीतरी वर तापते. म्हणजे मांस आतून गरम व्हायच्या आधी गोडाचा कोळसा होणारच, त्यात शेगडीचा काही दोष नाही

३०२ काकू: आमच्या उत्तनला लग्नात डुकराचं असायचंच, इंद्याल, सोरपोटेल, सोबत फुगे, म्हणजे पिठाचे तळलेले गोळे. पण ते सगळं टोपात शिजणारं. निखाऱ्यावर बाबा भाजायचे ते नुसतं आलं लसूण हळद आणि व्हिनेगर लावून, उतरवायच्या जरा आधी वर गुळाचं पाणी फिरवायचे. आणि थोडा बॉटल मसाला, आमचा बाटलीत भरून ठेवायचा मिश्र मसाला

२०१: काकू बॉटल मसाला आहे का घरी??

३०२ काकू: आहे. पण मोजून देणार

६०३: यावेळी मध नाहीच, काकवी वापरणार आहे. आईने गावाहून पाठवलीय, बाटलीभर. गूळ किसा, विरघळवा, गाळा ही कटकट नको आणि चव पण मधापेक्षा जड, सोया सॉसच्या खारटपणासमोर ती टिकते, मध त्यात हरवतो

१०४: माझ्याकडे चिक्कीचा गूळ पडलाय, तो चालेल का काकवी कमी पडली तर

६०३: नको रे बाबा, तो गार झाला की दगड होतो, दात जातील. साधा गूळ आण

७०२: कट कुठला घेणार? मागे आम्ही चॉप आणले होते, चामडं झालं त्यांचं

६०३: मानेचं नाहीतर खांद्याचं. कोल्ड स्टोरेजवाल्याला सांगायचं चरबी काढू नको आणि बोटाच्या दोन पेरांएवढे जाड तुकडे कर. चॉपमध्ये चरबी कमी, दोन मिनिटं इकडे तिकडे झाली की कोरडं. मानेचं थोडं जास्त शिजलं तरी रागावत नाही

७०२: आणि कच्चं राहिलं तर? पोर्कमध्ये जंताची भीती असते ना, सासूबाई तेच विचारतायत

६०३: बरोबर विचारतायत. मी टोचायचा थर्मामीटर घेतलाय. अमेरिकेच्या कृषी खात्याने २०११ मध्ये अख्ख्या तुकड्यांसाठी आतलं सुरक्षित तापमान ७१ डिग्रीवरून ६३ वर आणलं, वर तीन मिनिटं न कापता ठेवायचं, खिम्याला मात्र ७१ च. पण सासूबाईंना सांगा की आपण ७० ला काढणार, मानेच्या तुकड्याला ते सोसतं

सेक्रेटरी काका: टेरेसचं वॉटरप्रूफिंग आत्ताच झालंय, सर्वांच्या मेंटेनन्समधून. शेगडी थेट जमिनीवर ठेवायची नाही. खाली विटा. बाजूला वाळूची बादली. दहापर्यंत आवरायचं

६०३: हो काका, विटा आहेत

१०४: त्यापेक्षा माझ्या गॅलरीत करूया ना, स्लायडिंग लावून घेतलं की धूर कोणाकडे जाणार नाही

सेक्रेटरी काका: अजिबात नाही

६०३: अरे बंद जागेत कोळसा पेटवायचा नसतो, कार्बन मोनॉक्साइड होतो, वासही येत नाही त्याला. उघड्यावरच

४०१: आम्ही पोर्क खात नाही पण मुलं यायचं म्हणतायत, चिकन आणलं तर चालेल का

६०३: नक्की या. तुमचं आधी लावतो, स्वच्छ जाळीवर, आणि चिमटा सुरी ब्रश सगळं वेगळं ठेवतो, पोर्क त्यानंतर दुसऱ्या जाळीवर. ग्लेझ पण वेगळ्या वाटीत काढून देतो

४०१: थँक्यू दादा 🙏

३०२ काकू: आणि कच्च्या मटणात बुडवलेला ब्रश परत ग्लेझमध्ये घालू नकोस, गेल्या वेळी बघितलं मी

६०३: 🙈 मुरवायला फक्त आलं लसूण व्हिनेगर आणि थोडा सोया, मीठ नाही, सोयातच भरपूर असतं. ग्लेझ वेगळा: काकवी एक वाटी, सोया पाव वाटी, लसूण, मिरपूड, लिंबू, मंद आचेवर आटवायचा, चमच्याच्या पाठीला चिकटून राहिला की बंद. कोळसा शेगडीच्या एकाच बाजूला. आधी निखाऱ्यावर दोन्हीकडून रंग, मग रिकाम्या बाजूला सरकवून वर परात पालथी, आतलं तापमान साठच्या वर गेलं की ग्लेझ, तोही पातळ पातळ तीन वेळा

२०१: हाँगकाँगचं भाजलेलं पोर्क, चार सिउ, असंच असतं ना, लाल चमकणारं. दुकानात टांगलेलं बघितलंय

६०३: हो, तिथे माल्टोज, म्हणजे धान्यापासूनची चिकट साखर, नाहीतर मध लावतात. आपलं काळसर होईल, काकवीमुळे

२०१: ब्रश मी आणू?

३०२ काकू: कशाला, कुंडीत गवती चहा आहे. बुंधे ठेचून जुडी बांधते

शनिवार

१०४: लोकहो वर या, पहिला लॉट तयार. काय वास आहे

७०२: आले. सासूबाई पण आल्यात, थर्मामीटर स्वतः बघणार म्हणतात

२०१: मी शेजारीच उभा होतो, तिसऱ्या हाताला ग्लेझ आधी पाण्यासारखा ओघळला, मग बारीक बुडबुडे आले, मग एकदम आकसून काचेसारखा चिकटला, एक थेंब निखाऱ्यावर पडला चुर्र करून आणि सगळीकडे गुळाच्या गुऱ्हाळाचा वास

४०१: मुलांनी चिकन संपवलं, आता काकवीची वाटी चाटतायत

सेक्रेटरी काका: चांगले झाले आहे. १०.०५ झाले

३०२ काकू: कडेचे दोन तुकडे करपले. एकाच बाजूला कोळसा म्हणालास आणि गप्पा मारताना तो पसरलास

६०३: ते मी खाल्ले काकू, पुरावा नष्ट

१०४: किती राहिलंय?

६०३: दोनच तुकडे, ते ७०२ च्या सासूबाईंनी डब्यात मागितलेत, उद्या भातावर. आणि ऐका, शेगडीतले निखारे वाळूच्या बादलीत टाकलेत, वरून गार दिसतात पण आत लाल आहेत, बादली कोणी हलवू नका आणि कचऱ्यात तर मुळीच ओतू नका, सकाळी मी बघतो