इंजिनावरचा पॅच म्हणजे नेमके काय?

रूळप्रेमी: अमेरिकी मालगाड्यांच्या छायाचित्रांखाली ‘पॅच केलेले इंजिन’ असा उल्लेख वारंवार आढळतो. सॉफ्टवेअरचा पॅच परिचयाचा आहे, मोटरसायकल क्लबांच्या जाकिटांवरचे पॅचही पाहिले आहेत. परंतु इंजिनावर नेमके काय करतात, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

लोकोशेड: एक रेल्वे कंपनी दुसरीत विलीन झाली, की शेकडो इंजिने लगोलग नव्याने रंगवणे परवडत नाही, म्हणून जुना क्रमांक झाकण्यापुरता रंगाचा पट्टा मारून त्यावर नवा क्रमांक लिहितात. १९९६ मध्ये युनियन पॅसिफिकने सदर्न पॅसिफिक ताब्यात घेतल्यावर करड्या-तांबड्या इंजिनांवर, चालकाच्या खिडकीखाली, असे पिवळे पट्टे अनेक वर्षे दिसत राहिले. जुन्या कंपनीची ओळख त्यांवर टिकून राहते, म्हणून मला ही इंजिने फार मोलाची वाटतात.

आज्ञावलीकार: संगणकातही आरंभी पॅच खराखुराच होता: छिद्रे पाडलेल्या कागदी फितीवर चूक झाली, की त्या छिद्रांवर तुकडा चिकटवत.

दुचाकीस्वार: लोकोशेड, आपण सांगितलेले विलीनीकरण क्लबांतही होते, मात्र तिथे जुनी खूण मुळीच उरू देत नाहीत. जाकिटाच्या पाठीवर वरच्या कमानीत क्लबचे नाव, मध्ये चिन्ह आणि खाली प्रदेश असतो; पॅच क्लबच्या मालकीचा असल्याने सदस्यत्व सुटताच तो परत करावा लागतो. डिसेंबर २००० मध्ये क्वेबेकमधील सोरेल येथे ऑंटारिओतील अनेक क्लबांच्या सदस्यांनी जुने पॅच सोडून हेल्स एंजल्सचे पॅच स्वीकारले.