दोन कॉकटील, तीन बजी: पाळीव पोपट एकत्र कसे शिकवायचे?

प्रश्न
माझ्याकडे दोन कॉकटील (तुरेवाले छोटे पोपट) आणि तीन बजी (त्यांच्याहून लहान पोपट, बजरीगर) आहेत. दाखवलेल्या काडीला चोच लावणं प्रत्येकाला एकेकटं जमतं. पाचही बाहेर काढले की मोठा कॉकटील बाकीच्यांना हुसकावतो, बजी एकामागोमाग उडतात आणि क्लिकर (बरोबर केलं की 'टिक' वाजवायचं छोटं साधन) वाजला की सगळेच खाऊवर तुटून पडतात. कुठे चुकतंय?

तुरेवाला
क्लिकर एक आणि पक्षी पाच, तिथेच घोळ आहे. आवाज नेमका कोणासाठी होता हे त्यांना कळत नाही, आणि ज्याने काहीच केलं नाही त्यालाही दाणा मिळतो. एकत्र असताना क्लिकर ठेवून द्या. पक्ष्याचं नाव घेऊन लगेच 'हां' म्हणा आणि दोन सेकंदांच्या आत खाऊ त्याच्या चोचीशी न्या.

पण त्याआधी जागा ठरवा. प्रत्येकाला वेगळी दांडी, दोन दांड्यांत निदान हातभर अंतर, सगळ्या एकाच उंचीवर. एक उंच ठेवलीत तर भांडण तिच्यासाठीच होईल. एकेका पक्ष्याला एकट्यानेच 'दांडीवर बसून राहिलं की खाऊ' हे शिकवा: आधी २ सेकंद, मग ५, १०, २०. अर्धा मिनिट टिकला की दुसरा पक्षी आणा. सुरुवात दोघांत जो शांत असेल त्याच्यापासून.

इथे बहुतेक जण फसतात. काम करणाऱ्याला खाऊ देतात आणि गप्प बसलेल्याला विसरतात. मग तो का बसेल? सुरुवातीला बसणाऱ्यालाच जास्त द्या.

बजीप्रेमी
वरच्याशी सहमत, फक्त बजींना २० सेकंद फार होतात. ७-८ वर थांबा, आठवडाभराने वाढवा. खाऊ म्हणजे राळ्याच्या कणसातले दोन-तीन दाणे, अख्खं कणीस नव्हे. पोट भरलं की शिकणं संपलं. सत्र ३ ते ५ मिनिटांचं, दिवसातून दोनदा, त्यातलं एक सकाळच्या खाण्याआधी. मात्र शिकवण्यासाठी उपाशी ठेवू नका. बजी जेमतेम ३०-४० ग्रॅमचा असतो, त्यात ३-४ ग्रॅम घट म्हणजे १० टक्के. ग्रॅम दाखवणाऱ्या काट्यावर रोज सकाळी वजन घ्या.

प्रश्नकर्ता
आणि मोठ्याच्या दादागिरीचं काय? ओरडून बघितलं.

तुरेवाला
ओरडणं त्याला बक्षीसच वाटू शकतं, तेवढ्यापुरतं तुमचं सगळं लक्ष त्याच्याकडेच जातं ना. तुरा डोक्याला चिकटला, मान पुढे आली, चोच उघडली की पुढचं पाऊल टोचण्याचं. त्याआधीच काडी दाखवून त्याला त्याच्या दांडीवर वळवा. अंतर वाढवा, पक्षी कमी करा. उलट बजीही निष्पाप नसतात, कॉकटीलच्या पायाची बोटं चावतात. पाय उचलून धरलेला दिसला तर तो भाग तपासा.

बजीप्रेमी
पाचांत कोणी नवा असेल तर हे सगळं नंतर. आधी निदान महिनाभर वेगळ्या खोलीत, भांडीही वेगळी. आणि सोडण्याआधी पंखा बंद, आरशावर कापड.