कंपन, दोलन, थरथर: एकाच्या जागी दुसरा चालतो का?

प्रश्न: मंडळी, यंत्रांच्या कंपनांवर मराठीत टिपण लिहितो आहे. मूळ उताऱ्याशी शब्दन् शब्द जुळू नये म्हणून समानार्थी शब्द घातले. मूळ असे: 'स्प्रिंगची ताठरता वाढवली की कंपनाची वारंवारता वाढते, अवमंदन वाढवले की आयाम लवकर घटतो.' माझे असे: 'स्प्रिंगचा कडकपणा वाढवला की थरथरीची पुनरावृत्ती वाढते; मंदी वाढवली की आकार लवकर घटतो.' सरांनी सगळे लाल शाईने खोडले. अर्थ तर तोच आहे ना?

उत्तर: नाही. अवमंदन म्हणजे कंपनाची ऊर्जा जिरवून ते शमवणारा विरोध; त्याच्या जागी 'मंदी' वाचून तर सर हसलेच असतील. वाचणाऱ्याला आधी शेअर बाजार आठवणार.

सगळ्यात महागात पडलेला शब्द 'कडकपणा'. धातूचा कडकपणा म्हणजे त्यावर खळगा किंवा ओरखडा पडायला होणारा विरोध. तो रॉकवेल, ब्रिनेल अशा अंकांत सांगतात. ताठरता म्हणजे स्प्रिंग एक मिलिमीटर दाबायला किती बल लागते ते. एकाच पोलादाच्या, सारखेच पाणी दिलेल्या (तापवून-थंड करून सारख्याच कडक केलेल्या) दोन स्प्रिंगा घ्या. वेढ्यांचा व्यास आणि संख्या तीच, पण एकीची तार दुप्पट जाड. कडकपणा दोघींचा सारखा, ताठरता मात्र १६ पट, कारण ती तारेच्या व्यासाच्या चौथ्या घाताने वाढते. दोन्हींना तेवढेच वजन टांगले तर जाड तारेच्या स्प्रिंगची वारंवारता ४ पट येईल, कारण वारंवारता ताठरतेच्या वर्गमुळाप्रमाणे बदलते. तुमच्या वाक्याप्रमाणे दोन्ही स्प्रिंगा सारख्याच हलायला हव्यात!

'पुनरावृत्ती'त वेळ येत नाही. मिनिटाला १५०० फेरे घेणाऱ्या मोटरचे चक्र असंतुलित असेल तर कंपनाची वारंवारता २५ हर्ट्झ, म्हणजे सेकंदाला २५ वेळा. '२५ पुनरावृत्त्या' लिहिले की प्रश्न उरतो, किती वेळात? 'आकारा'चे तर विचारूच नका; आयाम म्हणजे हलणारी वस्तू मधल्या जागेपासून जास्तीत जास्त किती सरकते ते.

दोलन आणि कंपन जवळचे आहेत खरे. लंबकाला दोलन आणि तबल्याच्या पुडीला कंपन शोभते, पण गणित दोन्हीकडे एकाच जातीचे, म्हणून पुस्तकांत सरमिसळ दिसते. हादरा आणि धक्का मात्र वेगळे. ते एकदाच बसतात.

विश्वकोशात कंप्रता आणि परमप्रसर, शाळेच्या पुस्तकांत वारंवारता आणि आयाम. कोणतीही जोडी घ्या, पण शेवटपर्यंत तीच ठेवा. ललित लेखनात एकच शब्द पुन्हा आला की खटकतो. इथे दुसरा शब्द आला की वाचक दुसरी राशी शोधू लागतो.

बदलायचे ते वाक्य. 'स्प्रिंग जितकी ताठर, तितकी वारंवारता जास्त. आयाम चटकन खाली आणायचा तर अवमंदन वाढवा.' संज्ञा त्याच, बांधणी तुमची. उदाहरणही स्वतःचे द्या आणि मूळ लेखाचा उल्लेख करा. नुसते शब्द फिरवले तर ती नक्कलच राहते.

आणखी एक उत्तर: वरच्याशी सहमत, पण संज्ञा जपूनही फसता येते. अमेरिकेतला टॅकोमा नॅरोज पूल ७ नोव्हेंबर १९४० रोजी वाऱ्यात पिळवटत कोसळला. 'वाऱ्याच्या झोतांची वारंवारता पुलाच्या नैसर्गिक वारंवारतेशी जुळली, अनुस्पंदन झाले' (म्हणजे वारंवारता जुळल्याने कंपन वाढत गेले) हे वाक्य एकाकडून दुसऱ्याकडे उतरत गेले. शब्द सगळे शुद्ध, पण सांगितलेले कारण चुकीचे. पुलाच्या पिळण्यानेच वाऱ्याचे बल बदलत होते आणि प्रत्येक पिळात तो वाऱ्याकडून आणखी ऊर्जा घेत होता. याला स्वयंउत्तेजित कंपन म्हणतात. इथे 'अनुस्पंदना'ला कितीही चांगला प्रतिशब्द शोधला तरी उपयोग नव्हता.

दुसरे, 'थरथर' अगदीच हद्दपार करू नका. कारखान्यातला माणूस सांगतो: पंखा डुगडुगतो, बेअरिंग घरघरते, पत्रा थरथरतो, ट्रान्सफॉर्मर गुणगुणतो. यांतला प्रत्येक शब्द वेगळ्या बिघाडाकडे किंवा वेगळ्या वारंवारतेकडे बोट दाखवतो. गुणगुण तर बिघाडही नाही. ५० हर्ट्झच्या विजेवर ट्रान्सफॉर्मरचा लोखंडी गाभा १०० हर्ट्झने कंप पावतो, इतकेच. निरीक्षणाच्या रकान्यात हे शब्द बिनधास्त लिहा, आणि शेजारच्या रकान्यात मोजलेला आयाम व वारंवारता.