चकव्यात गेलेली वेळ: तुमचेही अनुभव लिहा

रानपाखरू
या आठवड्यात आमच्या फिडरला रात्रीची लाईट आहे. काल साडेबाराला हरभऱ्याला पाणी द्यायला निघालो तर बायको म्हणाली, शर्ट उलटा घालून जा, म्हणजे चकवा लागून वाट चुकत नाही. हसलो. पण घातला.

कारण आमचे अण्णा. मी तेव्हा चौथीत. ज्वारीची राखण चालू होती. अण्णा नऊला जेवून निघाले, हातात कंदील, काखेत सालगड्याची भाकरी-पिठलं धडप्यात बांधलेलं. शेत पाव कोसावर, मधी एक ओढा अन् बाभळी. एवढीच वाट, रोजची.

तांबडं फुटायला अण्णा दारात. आईवरच चिडलेले. "कंदिलात राकेल भरायचं इसरलीस व्हय? ओढ्यापतुर जाईना गेला, विझला." आई म्हणाली, रात सरली की. त्यांना पटेचना. त्यांच्या हिशोबानं धा मिनिटं झालेली.

आईनं धडपं सोडलं. भाकरी गरम. फडक्याला आतून वाफेची ओल आलेली मी स्वतः बघितली. अन् कंदील रात्री काठोकाठ भरला होता, तो कोरडा ठाक. ती भाकरी कुणी खाल्ली नाही. म्हशीलाही घातली नाही, आईनं परड्यात पुरली.

तुमच्याकडं असं काही?

औशाचा गडी
मामाला लागलता. तीनदा एकाच विहिरीवर. चौथ्यांदा तिथंच बसला, विडी पेटवली, उजाडल्यावर घरी. विषय संपला.

तर्कट
चकव्यामागं भूत नाही. २००९ मध्ये जर्मनीतल्या संशोधकांनी माणसांना जंगलात अन् सहारा वाळवंटात चालवून बघितलं. सूर्य किंवा चंद्र दिसतोय तोवर माणूस सरळ जातो, तो झाकला की गोल फिरतो, आणि आपण सरळच चाललोय असं त्याला वाटत राहतं. सहारातला एक गडी रात्री चंद्र ढगाआड जाईपर्यंत नीट चालला, मग वळत वळत आला तिकडंच निघाला. बाभळीच्या बनात अमावस्येला दुसरं काय होणार?
भाकरीचं उत्तर यात नाही, मान्य.

औशाचा गडी
@तर्कट अमावस्या होती हे त्यांनी कुठं लिहिलंय? तुम्हीच आणली 😄

माळेगावची जत्रा
परवा लग्नाला गेलो. पत्रिकेत मुहूर्त १२.३५. नवरदेव मारुतीच्या पारावरून हलेना, डीजे थांबेना. अक्षदा पडल्या साडेतीनला. भटजीनं माइकवर सांगितलं, मुहूर्त साधला! अख्ख्या मांडवाला चकवा.

अनामिका_ला
हा चकवा नाही, पण वेळेचंच आहे म्हणून लिहिते. ३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी, गणपती बुडवून सगळे दमून झोपलेले. पहाटे ३.५६, भूकंप. आमचं माळवदाचं घर, दगड-मातीच्या रुंद भिंती. मी नऊ वर्षांची. मातीखाली मी दोन दिवस होते असं मला आजही पक्कं वाटतं. आजी काहीतरी बोलायची, मी झोपायचे, परत उठायचे. बाहेर काढलं तेव्हा सूर्य कासराभर वर आलेला. त्याच दिवशीचा. बहीण म्हणते चार तास पण झाले नव्हते.
आजी कधी बोलायची थांबली ते मला आठवत नाही. स्वयंपाक व्हायचाय, नंतर येते.

रानपाखरू
ताई, काय बोलावं कळंना. सवडीनं लिहा, नाहीतर नका लिहू.

तेरणाकाठ
@अनामिका_ला आम्ही पण भूकंपातलेच. नवीन गावठाणात सगळ्या गल्ल्या सरळ, सगळी घरं सारखी. आमचा आबा दिवसाढवळ्या दुसऱ्याच्या घरात शिरून "पाणी द्या गं" म्हणायचा. त्या घरच्या बाया पण काही न बोलता द्यायच्या. दोन-तीन वर्षं चाललं तसं.

खडूफळा
मी भूगोल शिकवतो म्हणून एक भर. आपली घड्याळं ८२.५ अंश रेखावृत्तावर चालतात, लातूर साडेशहात्तरच्या आसपास. एका अंशाला चार मिनिटं. म्हणजे आपल्या डोक्यावर सूर्य घड्याळापेक्षा साधारण २४ मिनिटं उशिरा येतो. तरी मुख्याध्यापक मलाच उशीर झाला म्हणतात.

सुगरण उदगीर
अमावस्येवरून आठवलं, येळवस (वेळ अमावस्या) जवळ आली. भज्जीत आंबटचुका घालता का चिंच? सासूबाई चिंचेला हात लावू देत नाहीत.

तेरणाकाठ
दोन्ही. अन् आंबील आदल्या रात्रीच करून ठेवा, तशी चव सकाळी करून येत नाही.

तर्कट
@रानपाखरू झोप आली नाही म्हणून विचारतो. राकेल म्हणतं रात्र गेली, भाकरी म्हणते दहा मिनिटं. खरं कोण? आईनं गडबडीत दुसरी भाकरी थापली असंल का?

रानपाखरू
पिठाचा डबा मीच उघडला होता त्या सकाळी. पीठ नव्हतं. आई जात्यावर बसणार होती.
अण्णांना मी एकदाच विचारलं, मोठा झाल्यावर. म्हणाले, "ओढ्याच्या अलीकडं कुणीतरी तंबाखू मागितली, मी चंची काढली, एवढंच." चंची शेवटपर्यंत सापडली नाही.
चला, लाईट आली. मोटर टाकून येतो, पंधरा मिनिटं.

औशाचा गडी
तंबाखू नेऊ नको बाबा 😄

सुगरण उदगीर
दोन्ही म्हणजे चुका किती अन् चिंच किती ते सांगा की.