हेवा जवळच्याचाच वाटतो

बरेच जण म्हणतात की सोशल मीडिया बंद करा, हेवा आपोआप जातो. थोडा कमी होतो हे खरं, पण जात नाही, कारण आपल्याला अब्जाधीशांचा हेवा वाटतच नाही, वाटतो तो बरोबर शिकलेल्या मैत्रिणीचा, नाहीतर जावेचा. लिऑन फेस्टिंगर या मानसशास्त्रज्ञाने १९५४ मध्येच मांडलं होतं की माणूस तुलना करतो ती आपल्यासारख्यांशीच. आणि १९९२ च्या ऑलिंपिकमधल्या खेळाडूंचे चेहरे अभ्यासले तेव्हा रौप्यवाल्यांपेक्षा कांस्यवाले जास्त खूश दिसले, एकाची नजर हुकलेल्या सुवर्णावर, दुसऱ्याची मिळालेल्या पदकावर! मला हे फार पटतं.

बहिणीचं मोठं घर बघून मला आत कुठेतरी टोचायचं, मग तिच्याकडे राहायला गेले तर ती रात्री टीव्ही लावून एकटीच जेवते, नवरा उशिरा येतो, आणि मलाच म्हणते तुमच्याकडे जेवताना किती गोंगाट असतो गं, मला तो हवासा वाटतो. आता हेवा वाटला की मी स्वतःला विचारते, हिचं अख्खं आयुष्य घेशील का, जसंच्या तसं? उत्तर ‘नाही’ असंच येतं. तिचं रोज सकाळी फिरायला जाणं मात्र मनापासून हवं होतं, ते मीही सुरू केलंय.