कलाविभागात सहायक म्हणून मुंबईला जावे का? रविवारपर्यंत मदत हवी आहे

निळीशाई : नमस्कार. मुंबईतील एका चित्रपटाच्या कलाविभागात, म्हणजे सेटच्या कामासाठी, मला सहायक म्हणून बोलावले असून रविवारी रात्रीपर्यंत होकार कळवायचा आहे. नागपूर सोडून जाणे घरच्यांना मान्य नाही, आणि हे काम नेमके काय असते हे मला आईला नीट सांगता येत नाही. जावे की नाही, एवढेच कृपया लवकर सांगा.

धंतोलीकर : मानधन किती, काम किती दिवसांचे, राहण्याची सोय कोण करणार आणि तुमचे शिक्षण काय, यांपैकी काहीच तुम्ही लिहिलेले नाही. सल्ला कशाच्या आधारावर द्यावा?

निळीशाई : क्षमस्व. मी येथील शासकीय चित्रकला महाविद्यालयात शेवटच्या वर्षाला आहे. काम दोन महिन्यांचे आहे. मानधनाचे ‘आल्यावर बोलू’ असे फोनवर सांगितले आहे.

रंगपट : तुम्ही वेशभूषेचा विचार करावा, असे मला मनापासून वाटते. कोल्हापूरच्या भानू अथैया यांना १९८३ मध्ये ऑस्कर मिळाले ते वेशभूषेसाठीच.

निळीशाई : त्यांच्याविषयी आदर आहेच, परंतु माझा प्रश्न सेटच्या कामाविषयी आहे.

सेटवरचा : मी या कामात अकरा वर्षे आहे. सहायकाला पटकथा वाचून प्रत्येक प्रसंगातील वस्तूंची यादी करावी लागते, रेकीला, म्हणजे चित्रीकरणाची जागा पाहायला, जाऊन मापे घ्यावी लागतात, फ्लोअर प्लॅन (जागेचा आराखडा) काढून तो सुताराला समजावून द्यावा लागतो आणि चित्रीकरण सुरू झाले की कालचा तांब्या आज त्याच जागी आहे ना, हेही पाहावे लागते. माझ्या पहिल्या सेटवर वाड्याची भिंत जुनी दाखवायची होती, म्हणून मी ती सगळीकडे सारखीच तपकिरी केली. रंगारी दादांनी ती पुसायला लावली आणि विचारले, ‘या घरात माणसं राहतात ना?’ मग त्यांनी दिव्याच्या बटणाभोवती बोटांचे डाग, खुर्चीमागे तेलकट डोक्याचा ठसा आणि माठाशेजारी ओलीची रेघ एवढेच केले, आणि भिंत जुनी झाली. मानधन मात्र आधी लिहून घ्या. माझे एका निर्मात्याकडचे दोन महिन्यांचे पैसे केवळ तोंडी बोलणे झाल्यामुळे बुडाले.

वडसेकर : एवढ्या लांब कशाला जाता? झाडीपट्टीच्या, म्हणजे पूर्व विदर्भातल्या नाटकांच्या, हंगामात आमच्याकडे या. गावोगावी मंच उभा राहतो, रात्रभर नाटक चालते, आणि पडदे रंगवताना जो हात बसतो तो कोणत्याही वर्गात बसत नाही.

सेटवरचा : हात बसतो हे मान्य आहे, परंतु पडदा लांबून पाहायचा असतो आणि कॅमेरा वीतभर अंतरावर येतो. दोन्हींची नजर वेगळी आहे.

पुणेकर_सध्या_नागपूर : आधी पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट प्रशिक्षण संस्थेचा कलादिग्दर्शनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम करावा. पाया पक्का झाल्याशिवाय सेटवर गेलात, तर वर्षानुवर्षे सामान आणण्याचेच काम कराल.

सेटवरचा : कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांनी कलादिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली सहायक म्हणून सुरुवात केली आणि पुढे त्यांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले.

पुणेकर_सध्या_नागपूर : त्यापूर्वी ते मुंबईच्या जे.जे. कला महाविद्यालयात शिकले होते, हे आपण गाळलेत.

धंतोलीकर : वाद नंतर घालता येईल. निळीशाई, तुमची अंतिम परीक्षा केव्हा आहे?

निळीशाई : त्याच दोन महिन्यांत. हे लिहायचे राहिले.

पुणेकर_सध्या_नागपूर : मग परीक्षा सोडू नका. एफटीआयआयच्या या अभ्यासक्रमाला कला, वास्तुकला किंवा तत्सम विषयातील पदवी अथवा पदविका लागते. पुढे तिकडे जावेसे वाटले, तर दार बंद नको.

सेटवरचा : येथे मी सहमत आहे. काम पुन्हा मिळते.

निळीशाई : आजच फोन केला. परीक्षेनंतर रुजू होता येईल का ते सोमवारी कळेल, आणि मानधन व दिवस संदेशात लिहून मागितले आहेत. सेटवरचे दादा, तुमच्या भिंतीची हकीकत आईला वाचून दाखवली. ती उठून स्वयंपाकघरातल्या बटणाशी गेली आणि बराच वेळ तिथले डाग पाहत उभी राहिली.